मर्फी आणि मानाचा नारळ

सगुणाबाई राजाध्यक्षांच्या पत्राला मी दोन महिने उत्तर दिलं नाही. लोकांनी माझ्या पत्रांना उत्तरं दिली नाहीत असं पुष्कळदा झालं आहे, आणि त्यात त्यांचं काही चुकलं असं मला वाटत नाही. माझी पत्रं लांबलचक असतात आणि मुद्दा शेवटच्या पानावर येतो. पण आलेल्या पत्राला मी उत्तर दिलं नाही, असं एकाहत्तर वर्षांत झालं नव्हतं. मी ते पत्र आधी टेबलावर ठेवलं, मग टेबलाच्या खणात, मग पंचांगात, आणि पंचांग रोज उघडावं लागतं हे लक्षात आल्यावर कपाटावरच्या बॅगेत. तिथूनही ते माझ्याकडे बघायचं.

पत्र ज्येष्ठात बंगळुरूहून आलं. बाईंना कमी ऐकू येतं, त्यामुळे त्या फोनच्या वाटेला जात नाहीत. मला ऐकू नीट येतं, पण फोनवर काय बोलावं ते सुचत नाही, त्यामुळे मीही जात नाही. त्यांनी लिहिलं होतं:

‘मर्फी एव्हाना तुमच्याकडे रुळला असेल. तुमच्या लेखात म्हटलं आहे की पाणी दिसलं की हा कुत्रा क्षणभरही काठावर थांबत नाही, आणि पाण्यावाचून झुरतो. पाचगणीत मी त्याला न्हाणीघरापलीकडे पाणी दाखवू शकले नाही, म्हणून तर समुद्राकाठच्या जाणकाराकडे तो दिला. तो पोहतो का, एवढंच कळवा. वाईजवळ धरणाच्या पाण्याला लागून एका गृहस्थांची शेती आहे. तेही त्याला न्यायला उत्सुक आहेत. गणपतीपर्यंत तुमचं उत्तर आलं नाही, तर तिथे जमत नाही असं समजून मी त्यांना गाडी घेऊन पाठवीन.’

तो पोहतो का? याचं उत्तर एका शब्दाचं होतं, आणि तो शब्द ‘नाही’ असा होता.

आता लेखाबद्दल सांगायला हवं. मी चौतीस वर्षं कॉलेजच्या ग्रंथालयात काढली. तिथे कुत्र्यांवरची दोन जाड इंग्रजी पुस्तकं होती, जी माझ्याशिवाय कोणी घरी नेली नव्हती. निवृत्तीनंतर एका स्थानिक दिवाळी अंकाची चार पानं रिकामी राहिली म्हणून संपादकांनी मला काहीही लिहा म्हणून सांगितलं, आणि मी ‘आयरिश वॉटर स्पॅनियल : इतिहास, स्वभाव आणि निगा’ असा लेख लिहून दिला. तोवर मी कुठल्याही कुत्र्याला हात लावला नव्हता. रस्त्यात कुत्रा दिसला तर मी पलीकडच्या बाजूला जायचो, आणि पलीकडेही असला तर घरी परत यायचो. पण लेखात हे लिहायला जागा नव्हती. मला स्वतःला प्रत्येक गोष्टीत शंका असते, माझ्या लेखणीला मात्र ती का नसते कोण जाणे. ‘या कुत्र्याचे कान पाण्यातून आल्यावर ताबडतोब कोरडे करावेत,’ असं मी दरडावून लिहिलं होतं.

सगुणाबाईंनी तो लेख पाचगणीत वाचला. त्या मुलाकडे बंगळुरूला तिसऱ्या मजल्यावर राहायला चालल्या होत्या आणि त्यांच्याकडे नेमका याच जातीचा कुत्रा होता. इतक्या अधिकाराने लिहिणाऱ्या माणसाच्या हाती तो देण्याइतकं दुसरं सुख नाही, असं त्यांनी कळवलं. मी लगेच नकार कळवला. नकार दुखवणारा होऊ नये म्हणून चार पानं लिहिली. त्यांनी तीन वाचली असावीत. चैत्रात एके सकाळी दारात गाडी उभी राहिली, ड्रायव्हरने माझ्या हातात एक पट्टा दिला, आणि पट्ट्याच्या दुसऱ्या टोकाला मर्फी होता.

रंग आमसुलाचा. अंगभर घट्ट कुरळ्या बटा, डोक्यावर त्याच बटांची डोळ्यांवर येणारी शेंडी, तोंड मात्र तासल्यासारखं गुळगुळीत. शेपटी मुळाशी केसाळ आणि पुढे एकदम उघडी. माझी पत्नी कमला बाहेर आली, तिने त्याच्याभोवती एक फेरी मारली आणि विचारलं, “शेपटी उंदराकडून मागून आणल्येय का याने?”

मी तिला सांगितलं की ती या जातीची खूण आहे. मर्फीने माझ्याकडे पाहिलं. ‘अनोळखी माणसांशी हा राखून असतो, पण एकदा एक माणूस आपला मानला की त्याच्याशिवाय कोणाचं ऐकत नाही,’ असं मी लेखात लिहिलं होतं. त्याने थोडा वेळ विचार केला आणि माझ्या पायावर येऊन बसला. पायाशी नव्हे, पायावर. मी भीतीने पाऊण तास हललो नाही. त्याने त्याचा अर्थ प्रेम असा घेतला, आणि मग ते नाकारण्याचं धैर्य मला झालं नाही.

कमलाने अट घातली की कुत्रा पडवीत राहील, उंबऱ्याच्या आत येणार नाही. मी ती मान्य केली. मर्फीला कोणी विचारलं नव्हतं.

पहिला सल्ला शेजारच्या भार्गवरावांनी दिला. भार्गवराव एस.टी.त वाहतूक नियंत्रक होते, आणि अजूनही आमच्या गल्लीतल्या सगळ्या हालचालींचं नियंत्रण त्यांच्याकडेच आहे. ते म्हणाले, आधी परवाना काढा. तेव्हा आम्ही परवान्याच्या कचेरीत गेलो. कोणत्या, ते सांगत नाही, कारण दर वर्षी मला तिथे जायचं आहे. अर्जात ‘जनावराचा उपयोग’ असा रकाना होता. राखण की शोभा, असं खिडकीतल्या गृहस्थांनी विचारलं. मला खोटं सांगता येत नाही आणि गप्पही बसता येत नाही. मी सांगितलं की ही जात मूळची आयर्लंडची, पाण्यात पडलेले पक्षी मालकाला आणून देण्यासाठी तयार केलेली. गृहस्थांनी पेन खाली ठेवलं.

“पक्षी पाण्यात पडतात कसे?”

“बंदुकीने,” मी म्हणालो.

त्यानंतर तीन आठवडे मी वनखात्याचा ना-हरकत दाखला मिळवण्यात घालवले. माझ्याकडे बंदूक नाही, नव्हती आणि मला ती कोणत्या बाजूने धरतात हे ठाऊक नाही, असं स्वतंत्र प्रतिज्ञापत्र केलं. ते सगळं घेऊन गेलो तेव्हा गृहस्थांनी विचारलं की मग हा शिकार करत नाही, राखण करत नाही, तर करतो काय. पोहतो, असं मी म्हणणार होतो. पण तो पोहत नव्हता. मी खाली पाहिलं, मर्फीने वर पाहिलं. गृहस्थांना दया आली असावी. त्यांनी रकान्यात ‘निरंक’ असं लिहिलं आणि शिक्का मारला. तो परवाना आता आमच्या भिंतीवर आहे. जेवणानंतर आरामखुर्चीत बसलं की तो नेमका समोर येतो, आणि तो दोघांपैकी कोणाला दिला आहे असा प्रश्न मला कधीकधी पडतो.

इतिहास सोपा होता, निगा अवघड निघाली. इतिहास असा, की सुमारे दोनशे वर्षांपूर्वी डब्लिनच्या मॅकार्थी नावाच्या गृहस्थांनी ही जात नावारूपाला आणली, पण कोणकोणते कुत्रे एकत्र करून, ते काही लिहून ठेवलं नाही. तेव्हा या कुत्र्याशी संबंध आलेल्या माणसांकडून लिहिण्यात कुचराई होते, हे जुनंच आहे. निगा अशी, की त्या बटा आठवड्याला एकदा मुळापासून विंचराव्या लागतात, नाहीतर त्यांच्या गाठी होतात. मी हे लेखात एका ओळीत उरकलं होतं. प्रत्यक्षात त्या ओळीला रविवारची अख्खी सकाळ लागते. रत्नागिरीच्या पावसाळ्यात कपाटातल्या चपलेला बुरा येतो, तिथे हा केसाळ प्राणी कोरडा ठेवायचा होता. मी फणी घेऊन बसलो की भार्गवराव कुंपणावरून म्हणायचे, “पाध्ये, तुमच्या मुलीची वेणी कधी घातलीत का हो इतक्या मन लावून?” घातली नव्हती. ती आता पुण्याला असते, नाहीतर मी माफी मागितली असती.

जनावरांच्या डॉक्टर, ऋजुता, माझ्या विद्यार्थिनी निघाल्या, म्हणजे ग्रंथालयात जागा पकडून बसणाऱ्या. त्यांनी मर्फीचे कान पाहिले, तो पाण्यात गेला की ते आतून पुसायचे, असं बजावलं, आणि आठवड्यातून दोनदा मासे द्यायला सांगितलं. पाध्यांच्या दारात त्याआधी मासळीची पाटी उतरली नव्हती. कमलाने मागच्या अंगणात वेगळी चूल मांडली, वेगळं भांडं काढलं आणि पदर नाकाला लावून पहिला बांगडा शिजवला. दुसऱ्या महिन्यात पदर खाली आला. आषाढ लागेपर्यंत ती तुळसा कोळणीला, हा बांगडा आजचा नव्हे, त्याचे डोळे बघ, असं ऐकवायला लागली होती, आणि तुळसा मला सांगायची, “काका, काकूंना घरात ठेवा. माझा धंदा बसवतील.”

पोहण्याचं मात्र जमत नव्हतं.

पत्र आल्याच्या दुसऱ्याच दिवशी मी मर्फीला भाट्याच्या समुद्रकिनाऱ्यावर वाळूत नेलं. लेखात मी लिहिलं होतं की पाण्यात एखादी वस्तू फेकावी, म्हणजे तो ती आणायला आपण होऊन झेपावतो. मी चेंडू फेकला. माझा हात लहानपणापासून असाच आहे, चेंडू आठ पावलांवर वाळूत पडला. मर्फीने तो आणून दिला. मी पुन्हा फेकला, तो सात पावलांवर पडला. वीस वेळा त्याने कोरडा चेंडू माझ्या हातात ठेवला, आणि लाट आली की तो आणि मी दोघेही सारख्याच चपळाईने मागे सरकायचो. माझा लेख त्याने वाळूत बसून खोडून काढला.

मग भार्गवरावांनी सूत्रं हाती घेतली. रोज सहा वाजून दहा मिनिटांनी निघायचं, सहा पस्तीसला पाण्यापाशी, सात पाचला परत. त्यांचा हात चांगला आहे. त्यांनी चेंडू थेट लाटेत टाकला. मर्फीने भार्गवरावांकडे पाहिलं, एखाद्याने आपलीच वस्तू आपणच टाकून द्यावी आणि त्याबद्दल आपण काय बोलावं, तशा नजरेने. तो चेंडू समुद्राने नेला. पुढच्या चार दिवसांत आणखी तीन चेंडू, एक रबरी चप्पल आणि भार्गवरावांची छत्री समुद्राने नेली. छत्री वाऱ्याने गेली होती, पण ते अजून ती मर्फीच्या नावावर सांगतात. पाचव्या दिवशी किनाऱ्यावरच्या रक्षकाने शिट्टी वाजवली आणि आम्हाला वाचता येतं का, असं ‘पाण्यात उतरू नये’ या पाटीकडे बोट दाखवून विचारलं. चौतीस वर्षं ग्रंथालयात काढलेल्या माणसाला हा प्रश्न कसा लागतो, हे त्याला कळणं शक्य नव्हतं.

हे तुळसाला कळलं तेव्हा ती पाटी उतरवून खाली बसली आणि माझ्याकडे कीव आल्यासारखं बघत राहिली. नारळी पुनवेआधी दर्याला नारळ दिलेला नसतो, तोवर तिच्या माहेरचा कोणी पाण्यात उतरत नाही, मग हा कसा उतरेल, असं तिचं म्हणणं. “तुम्ही पुस्तकं वाचलीत काका, त्याला ती अक्कल उपजत हाय.”

मला हे पटलं, हे कबूल करताना आज संकोच वाटतो. भार्गवरावांनाही पटलं. गल्लीत सगळ्यांना पटलं. आयर्लंडच्या कुत्र्याला आपली नारळी पौर्णिमा कशी ठाऊक, असा प्रश्न एकाही माणसाने विचारला नाही. उलट मर्फीबद्दलचा आदर वाढला. पलीकडच्या घरातून त्याच्यासाठी उपासाच्या दिवशी साबुदाण्याची खिचडी आली. आणि मला तर बुडत्याला हवी तशी सवड मिळाली. पुनव आणि गणपती यांच्यामध्ये पंधरवड्याहून जास्त दिवस होते. पुनवेला तो पोहला, की मी उत्तर लिहीन, असं ठरवून मी पत्राची बॅग कपाटाच्या आणखी मागे ढकलली.

एव्हाना मर्फी उंबऱ्याच्या आत आला होता. कधी आला ते मी पाहिलं नाही, आणि ज्यांनी अट घातली होती त्या काही बोलल्या नाहीत. दुपारी मी वाचायला बसलो की तो पायावर बसायचा. पाय बधिर व्हायचे. वाईहून गाडी येईल तेव्हा हे पाय मोकळे होतील, असा विचार एकदा मनात आला आणि त्या दिवशी मी पुस्तकाचं एक पानही उलटू शकलो नाही.

तुळसाचं माहेर पूर्णगडला. तिथे खाडीचं पाणी शांत, आणि तिचा थोरला भाऊ शिवा गावचा मानाचा तांडेल, म्हणजे होडीचा म्होरक्या. त्याने सोनेरी कागदात गुंडाळलेला मानाचा नारळ दर्याला दिला की मग बाकीचे आपापले नारळ सोडतात, आणि दुसऱ्या दिवशी होड्या बाहेर पडतात. पुनवेला आम्ही रिक्षा करून गेलो. पुढे भार्गवराव, कारण मार्ग त्यांना ठाऊक, मागे मी आणि कमला, आणि आमच्या दोघांच्या मांड्यांवर मिळून मर्फी. कमलाच्या मांडीवरचा नारळ हळदकुंकू लावून तयार होता.

धक्क्यावर दोनतीनशे माणसं होती. ढोल, गुलाल, होड्यांना पताका. भरती तुडुंब भरली होती. शिवा तांडेल साठीचा, उंच, कमी बोलणारा माणूस. त्याने पूजा केली, काहीतरी पुटपुटला, आणि सोनेरी नारळ दूर पाण्यात टाकला. मग सगळ्यांनी नारळ टाकायला सुरुवात केली. कमलाने आमचा नारळ माझ्या हातात दिला. धक्क्याच्या कडेला फेकण्याची गरजच नव्हती, नुसता सोडला तरी तो पाण्यात पडत होता. मी डोळे मिटून नमस्कार केला आणि सोडला.

माझ्या शेजारून काहीतरी मोठं गेलं आणि खाली पाणी उडालं.

मर्फी पोहत होता. सरळ, शेपटी ताठ, शेंडी पाण्याबाहेर, जसं काही त्याने जन्मात दुसरं काही केलंच नव्हतं. मला त्या क्षणी पहिल्यांदा काय वाटलं ते लिहायला लाज वाटते, पण मला वाटलं, लेख बरोबर होता. मग कमलाने माझा दंड घट्ट धरला आहे हे लक्षात आलं. आणि मग आणखी एक गोष्ट लक्षात आली. त्याला पाण्याची भीती कधीच नव्हती. चार महिने तो फक्त मी काहीतरी पाण्यात टाकण्याची वाट बघत होता.

पायऱ्या चढून तो वर आला आणि नारळ माझ्या पायाशी ठेवला. दर्याला दिलेला नारळ पायाशी कसा ठेवून घ्यायचा? मी तो परत सोडला. त्याने परत आणला. तिसऱ्यांदा सोडला तेव्हा भार्गवरावांनी घड्याळ पाहून, वेळेत आहे, असा शेरा दिला. लोक हसायला लागले, ढोलवाले बघायला थांबले. त्यानंतर मर्फीला वाटलं असावं की आजच्या दिवसाचं काम आपल्याला नीट समजलं आहे. पाण्यात पन्नाससाठ नारळ तरंगत होते. त्याने एकेक आणायला घेतला. पिवळ्या दोऱ्याचा, लाल फडक्याचा, कोणाचा तरी मोड आलेला. सगळे माझ्या चपलांपुढे ओळीने. मी मर्फी, मर्फी म्हणत होतो, पण ढोल पुन्हा सुरू झाले होते आणि माझा आवाज माझ्याच कानापर्यंत पोचत नव्हता. सात नारळ झाले. आठवा आणायला तो खूप लांब गेला. परत येताना त्याच्या तोंडात काहीतरी चमकत होतं.

ढोल थांबले. हसणंही थांबलं.

सोनेरी नारळ माझ्या पायाशी ठेवून मर्फीने अंग झाडलं आणि शिवा तांडेलाला नखशिखांत भिजवलं.

मी आयुष्यात अनेकदा जमीन दुभंगावी असं म्हटलं आहे, बहुतेक वेळा उगाचच. त्या दिवशी मात्र ते खरोखर म्हटलं. मागून कोणीतरी म्हणालं, दर्याने मान परत केला. एका म्हातारीने तोंडाला पदर लावला. उद्या ज्यांच्या घरची माणसं त्या पाण्यात जाणार होती, त्या बायका माझ्याकडे बघत होत्या, आणि त्यांच्या नजरेत राग नव्हता, भीती होती. राग मला सोसला असता.

तुळसा पुढे झाली. “काय झालं एवढं? दर वर्षी पोरं उड्या मारून नारळ काढतात, तेव्हा कोण रडतं?”

“ते बाकीचे,” शिवा शांतपणे म्हणाला. “मानाच्या नारळाला पोरं हात लावत नाहीत.”

“त्याला कोणी सांगितलंय मानाचा कुठला ते?”

शिवा खाली वाकला. नारळ उचलला, पुसला, कपाळाला लावला. मग माझ्याकडे वळला. “काका, मी हा परत देतो. ओहोटी लागलीय, आता बाहेर जाईल. पण ह्यानं परत आणला तर माझी माणसं उद्या होडीत बसायची नाहीत. याला धरा.”

दोघांनी मर्फीला धरायला हात पुढे केले. मर्फी गुरगुरला नाही, नुसता पाण्याच्या कडेला आणखी दोन पावलं सरकला. पट्टा कमलाच्या हातात होता, आणि पट्टा अडकवायचा गळा पायरीवर. लोक ओरडायला लागले. बस, ए, थांब, इकडे ये. भार्गवरावांनी खिशातली जुनी शिट्टी काढून वाजवली. मर्फीने कोणाकडेच पाहिलं नाही. तो शिवाच्या हातातल्या नारळाकडे बघत होता.

“तुमचं ऐकतो ना तो?” शिवाने मला विचारलं.

“ऐकतो,” मी म्हणालो. “पण मला ओरडता येत नाही.”

हे मी तीनशे माणसांसमोर म्हणालो. शिवाने माझ्याकडे क्षणभर पाहिलं, आणि मग मागे वळून नुसता हात वर केला.

सगळे गप्प झाले. आधी धक्का, मग मागची वाळू, मग होड्यांवरची माणसं. पताका फडफडत होत्या, तेवढाच आवाज. चौतीस वर्षं मी भिंतीवर ‘शांतता राखा’ अशी पाटी लावून बसलो होतो, पण अशी शांतता मला एकदाही मिळाली नव्हती.

“बस, मर्फी,” मी म्हणालो. घरी पुस्तक वाचताना म्हणतो, तेवढ्याच आवाजात.

मर्फी बसला.

शिवाने नारळ टाकला. नारळ पाण्यावर आदळताच मर्फीच्या अंगावरची एकेक बट थरथरली. त्याने माझ्याकडे पाहिलं. मी त्याच्याकडे पाहत राहिलो, दुसरं मला काही येत नव्हतं. सोनेरी ठिपका हळूहळू खाडीच्या मुखाकडे सरकला, एका लाटेवर चढला, उतरला, आणि दिसेनासा झाला. तेवढा सगळा वेळ तीनशे माणसं आणि एक कुत्रा श्वास रोखून होते. मग ढोल असे वाजले की मर्फी माझ्या दोन पायांमध्ये शिरला.

पायाशी उरलेल्या सात नारळांचं काय करायचं, यावर थोडी चर्चा झाली. यंदा पोरांचे कष्ट वाचले असं म्हणून तुळसाने ते फोडले आणि वाटले. शिवा तांडेल खोबऱ्याचा तुकडा घेऊन माझ्याकडे आला, तो त्याने मर्फीला दिला. “तुमच्या एका शब्दात बसला. माझ्या होडीवर पाच खलाशी आहेत काका, त्यातला एक पण बसत नाय.” मी धक्क्यावर मांडी घालून माझ्या उपरण्याने मर्फीचे कान आतून पुसले. लेखात तसं लिहिलं होतं.

दुसऱ्या दिवशी मी पत्र लिहायला बसलो. आता काही अडचण नव्हती. ‘होय, मर्फी पोहतो. उत्तम पोहतो. उशिराबद्दल क्षमस्व.’ कमलाने वाचलं आणि म्हणाली, झालं की, टाका पेटीत. पण माझ्याने टाकवेना. तीन दिवस ते पत्र टेबलावर पडलं. चौथ्या दिवशी मी ते फाडलं आणि नवीन लिहिलं. एकच पान.

त्यात लिहिलं, की मर्फी पोहतो, आणि तो पहिल्यापासून पोहू शकत होता, मला फेकता येत नव्हतं. की मी जाणकार नाही. तुमचा कुत्रा येईपर्यंत मी कुत्र्याला हात लावला नव्हता, लेख दोन पुस्तकांतून उतरवला होता, आणि त्यातलं ‘क्षणभरही काठावर थांबत नाही’ हे वाक्य चुकीचं आहे. सांगितलं तर थांबतो. हे सगळं वाचून त्याला वाईला पाठवावं असं तुम्हाला वाटलं, तर तो तुमचा हक्क आहे. फक्त न्यायला तुम्ही स्वतः या. तो अनोळखी माणसांशी राखून असतो, आणि मीही.

कमलाने ते दोनदा वाचलं.

“एवढं लिहायची गरज होती का?”

“नव्हती.”

“मग?”

“त्या पुन्हा पत्र पाठवतील. आता खरं लिहिलं नाही, तर त्यालाही मला उत्तर देता येणार नाही.”

तिने पत्र टेबलावर ठेवलं. माझ्या हातातलं पेन घेतलं आणि खाली आपल्या अक्षरात लिहिलं: ‘हल्ली तो माझ्या पलंगाखाली निजतो. त्याला बांगडा ताजाच लागतो, शिळा चालत नाही, हे वाईच्या माणसांना जमणार नाही. सौ. कमला पाध्ये.’

कोपऱ्यावरच्या लाल पेटीपाशी मी आणि मर्फी गेलो. पाकीट आत टाकलं, ते तळाशी पडल्याचा आवाज आला, आणि त्याच क्षणी मला वाटलं की चुकलं. ‘तो तुमचा हक्क आहे’ हे वाक्य फार उद्धट झालं, ‘मीही’ हा शब्द तर नकोच होता, आणि मुळात पहिलं तीन वाक्यांचं पत्र किती चांगलं होतं. इतक्यात पोस्टमन सायकलवरून आला, किल्ली लावली आणि पेटी उघडली. माझं पाकीट सगळ्यात वर होतं. हात पुढे करून, जरा ते पत्र परत द्या, एवढं म्हणायचं होतं.

पण हा पोस्टमन या भागात नवीन होता. अनोळखी माणसाला असं कसं सांगायचं, याचा विचार करेपर्यंत त्याने पाकीट पिशवीत टाकलं, मर्फीच्या शेंडीकडे एकदा कुतूहलाने पाहिलं, आणि सायकलवर टांग टाकून निघून गेला.